सोलापुरात राहून ओहोटीच्या डबक्यांवर फिल्म कशी करावी

सोलापूरहून समुद्र कुठल्याच बाजूने जवळ नाही. रत्नागिरी साडेतीनशे किलोमीटरच्या आसपास, मुंबई चारशेच्या पुढे. तरी मी सागरी जीवशास्त्र शिकले, खडकातल्या डबक्यांमधल्या प्राण्यांवर छोट्या फिल्म करते आणि राहते इथेच. दर दौऱ्याआधी कोणी ना कोणी विचारतंच, "अगं, हिपरग्याच्या तळ्यात काय वाईट आहे?" वाईट काहीच नाही. सराव तिथेच करायचा आहे, ते पुढे येईल.

भरतीचं पाणी उतरताना खडकाच्या खोलगट जागांत जे अडकून राहतं ते ओहोटीचं डबकं. खडक आपल्या ओळखीचाच आहे. सोलापुरात विहीर खणताना जो काळा पाषाण लागतो, तोच सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा दगड मुंबई-कोकणात समुद्रात उतरतो. हा खडक पुरेसा उघडा पडतो तो एका ओहोटीला जेमतेम दोन-अडीच तास. किनाऱ्यावर राहणाऱ्याला आज नाही तर उद्या जाता येतं. आपल्याला रजा, तिकीट, मुक्काम सगळं जुळवावं लागतं. म्हणून आपली फिल्म आधी घरी तयार झालेली असली पाहिजे. किनाऱ्यावर जायचं ते फक्त चित्रण करायला. नवख्यांसाठी हा लेख त्याच क्रमाने लिहिला आहे.

पहिली पायरी: प्रश्न ठरवा

"कोकण किनाऱ्याची जीवसृष्टी" हा विषय घेऊ नका. त्यातून खेकडा, मग शंख, मग मासा, मग सूर्यास्त असा अल्बम तयार होतो आणि दुसऱ्या मिनिटाला बघणारा मोबाइलवर दुसरं काहीतरी लावतो. एक डबकं घ्या आणि त्याला एक प्रश्न विचारा. पाणी गेल्यावर बार्नेकल (खडकाला कायमचा चिकटून राहणारा छोटा कवचधारी प्राणी) काय करतो? खडकाला चिकटलेला लिंपेट (टोपीसारख्या कवचाचा, गोगलगायीचा नातेवाईक) जागचा हलतो का, आणि हलला तर परत कुठे जातो? दुपारी डबकं तापतं तेव्हा त्यातले मासे कुठे जातात?

प्रश्न शोधायला दोन जुने प्रयोग फार उपयोगी पडतात. स्कॉटलंडच्या किनाऱ्यावर जोसेफ कॉनेल याने बार्नेकलच्या दोन जातींवर काम केलं, ते 1961 साली प्रसिद्ध झालं. एक जात खडकावर वर राहते, दुसरी खाली. वरचीला खाली जगता येत नाही असं नव्हतं. खालच्या जातीचे बार्नेकल काढून टाकल्यावर वरची जात खालीही मजेत वाढली. म्हणजे खालच्या बाजूला तिला अडवत होता तो शेजारी, आणि खालच्या जातीला वर अडवत होतं ते ऊन आणि कोरडेपणा. दुसरा प्रयोग अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्याच्या किनाऱ्यावरचा. 1963 पासून रॉबर्ट पेन खडकाच्या एका पट्ट्यातून शिंपले खाणारे तारामासे उचलून लांब फेकत राहिला. हळूहळू शिंपल्यांनी तो पट्टा व्यापला आणि तिथल्या 15 जातींच्या 8 उरल्या. एक शिकारी नसल्यावर काय होतं ते यातून कळलं. आपण काही उचलायचं वा फेकायचं नाही, पण खडकाकडे बघताना डोक्यात हे असू द्या: कोण कोणाला खातो, कोण कोणाची जागा अडवतो आणि कोणाला ऊन सोसत नाही. उन्हाबद्दल सोलापूरकराला वेगळं शिकवायला नको.

प्रश्न एका ओळीत वहीत लिहा. जे दृश्य त्या ओळीशी बोलत नाही, ते कितीही सुंदर असलं तरी कापायचं आहे हे आधीच मनाशी ठरवा.

दुसरी पायरी: पंचांग काढा

हे मी गमतीने म्हणत नाही. दाते पंचांग आपल्याच गावातून निघतं आणि या कामाला लागणारी पहिली गोष्ट, म्हणजे तिथी, त्यात आहे.

दिवसात साधारण दोन भरत्या आणि दोन ओहोट्या होतात. भरतीपासून ओहोटीपर्यंत सुमारे 6 तास 12 मिनिटं जातात आणि वेळा रोज जवळजवळ 50 मिनिटांनी पुढे सरकतात. अमावस्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाण असतं: पाणी खूप चढतं आणि तितकंच खाली जातं. अष्टमीच्या आसपास भांग असते, तेव्हा पाणी धड चढतही नाही, उतरतही नाही. डबक्यांसाठी उधाण हवं. त्यातही प्रत्यक्ष अमावस्या-पौर्णिमेपेक्षा नंतरचे एक-दोन दिवस बहुतेक वेळा जास्त चांगले, कारण समुद्राचं पाणी चंद्राच्या थोडं मागे चालतं.

वेळेसाठी आपल्या किनाऱ्यावरचा जुना हिशेब असा: तिथीच्या आकड्याची पाऊणपट करा, ती पूर्ण भरतीची वेळ. चतुर्थीला 3 वाजता. पौर्णिमेला किंवा अमावस्येला 15 ची पाऊणपट, म्हणजे सव्वाअकरा. त्यात सहा तास मिळवले की ओहोटी. प्रत्येक बंदराला हा हिशेब थोडा मागेपुढे होतो, कधी अर्धा-पाऊण तास. त्यामुळे याच्यावर रजा टाका, पण गजराचं घड्याळ लावू नका. नेमकी वेळ आणि पाण्याची उंची भारतीय सर्वेक्षण विभाग दरवर्षी काढतो त्या भरती-ओहोटीच्या तक्त्यांतून घ्या, किंवा त्यांच्यावर आधारलेल्या एखाद्या ॲपमधून. उंचीचा आकडा मीटरमध्ये असतो. ओहोटीचा आकडा शून्याच्या जितका जवळ, तितका खडक जास्त उघडा. एकाच दिवसाच्या दोन ओहोट्या सारख्या खोल नसतात, हेही तिथे दिसेल.

आता या हिशेबातून एक फार कामाची गोष्ट निघते. भर दुपारची ओहोटी अष्टमीच्या सुमारास येते, म्हणजे ती भांगाची, आपल्या उपयोगाची नाही. खोल ओहोट्या आपल्या किनाऱ्यावर सकाळी उजाडण्याच्या आणि संध्याकाळी मावळण्याच्या सुमारास येतात. कॅमेऱ्यासाठी हे वरदान, कारण प्रकाश तिरका आणि मऊ असतो. पण थंडीत अंधाराचा अडथळा होतो. जानेवारीत कोकणात सूर्य सातनंतर उगवतो आणि पौर्णिमेची पहाटेची ओहोटी साडेपाचच्या आसपास असते. म्हणून थंडीत पौर्णिमा-अमावस्येला संध्याकाळची ओहोटी धरा आणि द्वितीया-तृतीयेला सकाळची, जी साडेसात-साडेआठच्या दरम्यान येते.

हंगाम ऑक्टोबरअखेरपासून मेच्या पहिल्या पंधरवड्यापर्यंत. नवख्यांना मी सांगते, जानेवारीतली गड्ड्याची जत्रा उरकली की पहिलं उधाण पकडा. हवा बरी, समुद्र शांत. जून ते सप्टेंबर खडकावर पाऊलच टाकायचं नाही. इतर महिन्यांतही निघण्याआधी हैदराबादच्या इन्कॉइस या केंद्र सरकारी संस्थेचे उंच लाटांचे इशारे बघा. आकाश निरभ्र असताना दूरच्या वादळाच्या लाटा किनाऱ्यावर येऊ शकतात.

तिसरी पायरी: जागा

पहिल्यांदा जाणाऱ्याला मी मुंबई सुचवते, आणि लोकांना त्याचं नवल वाटतं. हाजी अली, गिरगाव, कार्टर रोड या गजबजलेल्या किनाऱ्यांवरही ओहोटीला झोअँथिडच्या (समुद्रफुलांचे दाटीने राहणारे नातेवाईक) रंगीत चादरी, समुद्रफुलं (फुलासारखे दिसणारे मऊ प्राणी), समुद्री गोगलगायी आणि नशीब असेल तर ऑक्टोपस दिसतो. मुंबईच्या किनाऱ्यावर पाण्याचा चढउतार रत्नागिरीपेक्षा मोठा आहे, त्यामुळे खडक जास्त उघडतो. शिवाय 2017 साली सुरू झालेला 'मरीन लाइफ ऑफ मुंबई' हा उपक्रम सामान्य लोकांना किनाऱ्यावर घेऊन जातो. कॅमेरा बाजूला ठेवून अशी एक फेरी आधी करा. जाणत्याच्या बोटामागे नजर फिरली की जे खडक वाटत होतं ते हलताना दिसू लागतं.

गाड्याही जुळतात. अमावस्या-पौर्णिमेच्या दिवशी सकाळी सोलापूरहून वंदे भारतने निघालात तर दुपारी मुंबईत पोचता आणि संध्याकाळची ओहोटी मिळते. एक मुक्काम केलात तर दुसऱ्या दिवशी सकाळची ओहोटीही हाती लागते, आणि रात्रीच्या सिद्धेश्वर एक्स्प्रेसने परत.

रत्नागिरीला जायचं तर मंगळवेढा, सांगोला, मिरज, कोल्हापूर आणि मग आंबा घाट. वेळ जास्त जातो, पण किनारा स्वच्छ आणि गर्दी कमी. तिथे झाडगावला कोकण कृषी विद्यापीठाचं सागरी जीवशास्त्रीय संशोधन केंद्र आहे. त्याचं मत्स्यालय आणि संग्रहालय खडकावर जाण्याआधी बघून घ्या. जे प्राणी बाहेर क्षणभर दिसतात ते काचेआड निवांत बघता येतात. मालवणला जाणार असाल तर लक्षात ठेवा, सिंधुदुर्ग किल्ल्याच्या आसपासचा समुद्र 1987 पासून सागरी अभयारण्य आहे. तिथे चित्रण करण्याआधी वन विभागाच्या कांदळवन कक्षाला लेखी विचारा.

चौथी पायरी: सामान

महागडा कॅमेरा लागत नाही. चांगला मोबाइल, त्यावर चिमट्याने बसणारी, अगदी जवळचं टिपणारी मॅक्रो लेन्स आणि पोलराइझर फिल्टर एवढ्यावर पहिली फिल्म होते. पोलराइझर मात्र टाळू नका. पाण्यावरची आकाशाची चमक तो काढून टाकतो. सरळ वरून धरलात तर त्याचा काही उपयोग होत नाही. पाण्याच्या पृष्ठभागाशी साधारण 35 ते 40 अंशांचा कोन ठेवून फिल्टर हळूहळू फिरवा, एका जागी डबक्याचा तळ एकदम उघडा होतो.

पाण्याखाली जाणारा कॅमेरा घ्यायचाच असेल, तर ॲक्शन कॅमेऱ्याच्या मोहात पडू नका. तो साधारण फुटाच्या आतलं स्पष्ट दाखवत नाही आणि आपलं सगळं जग फुटाच्या आत आहे. ऑलिम्पसच्या टीजी मालिकेतले वॉटरप्रूफ कॅमेरे एक सेंटिमीटरवरून फोकस करतात. जुना मिळाला तरी घ्या.

या दोहोंच्या मधला मार्ग म्हणजे काचपेटी, आणि माझ्या मते नवख्यासाठी सगळ्यात उत्तम. मत्स्यालयाच्या टाक्या बनवणाऱ्या दुकानातून 4 मिलिमीटर काचेची, वरून उघडी, 15 सेंटिमीटरची चौकोनी पेटी सिलिकॉन लावून करून घ्या. आतल्या चारही बाजूंना काळा कागद चिकटवा, तळ मोकळा ठेवा. पेटी पाण्यावर ठेवून मोबाइल आत धरला की लाटांच्या सुरकुत्या आणि चमक दोन्ही नाहीशा होतात. अशा पेटीचं वजन किलोच्या थोडं वर भरतं आणि ती आपोआप पाच सेंटिमीटर बुडते. म्हणून त्याहून उथळ डबक्यात ती ठेवू नका, तळाचे प्राणी चिरडतील. मोठी पेटी करावीशी वाटेल, पण ती जड होते आणि एसटीत मांडीवर घेऊन बसावी लागते.

बाकी: छोटी लवचिक तिपाई, दोन वॉटरप्रूफ टॉर्च, जादा बॅटऱ्या, पाण्याचा थर्मामीटर, पेन्सिल आणि वही (पेन ओलं झालं की चालत नाही), घट्ट पकडीचे बंद बूट. चपला घालून आलेल्याला मी खडकावर नेत नाही. आणि टेरी टॉवेल, सोलापुरी, दोन तरी. एक हातांसाठी, एक फक्त कॅमेऱ्यासाठी. खाण्याला कडक भाकरी आणि शेंगाचटणी यांच्याइतकं टिकाऊ आणि खडकावर बसून खाता येण्याजोगं दुसरं काही मला तरी माहीत नाही.

पाचवी पायरी: सोलापुरातच सराव

घरात एक छोटी काचेची टाकी ठेवा. तळाला खडी, दोन-चार पाणगोगलगायी, एखादा झिंगा. गोगलगाय ही सरावासाठी देवाने दिलेली नटी आहे: हळू चालते, तरी फोकसमधून निसटते. मॅक्रोमध्ये स्पष्टतेचा पट्टा काही मिलिमीटरचा असतो. प्राण्याचा डोळा किंवा तोंड त्या पट्ट्यात ठेवून बाकीचं धूसर होऊ द्यायचं, हे हाताला सवयीनेच येतं. फोकस आणि प्रकाश दोन्ही लॉक करायला शिका, नाहीतर मधूनच मोबाइल स्वतःचं शहाणपण चालवतो.

मग बाहेर पडा. संभाजी तलावाच्या काठावर पोलराइझर फिरवून बघा. हिपरग्याला काठाच्या उथळ पाण्यात काचपेटी ठेवून शेवाळ आणि शिंपले टिपा. स्वतःला वीस मिनिटं द्या आणि त्यात दहा दृश्यं घ्या, प्रत्येक किमान वीस सेकंद, कॅमेरा न हलवता. वीस सेकंद खूप वाटतात. नवख्यांचा हात पाचव्या सेकंदाला दुसरीकडे वळतो आणि सहाव्या सेकंदाला प्राणी काहीतरी करतो.

टाइमलॅप्सचा, म्हणजे ठरावीक अंतराने काढलेल्या फोटोंच्या फिल्मचा, हिशेबही घरीच करून ठेवा. दर 5 सेकंदांना एक फोटो घेतला तर तासाला 720 होतात. सेकंदाला 25 चित्रांच्या वेगाने ती जेमतेम 29 सेकंदांची फिल्म. पाणी परत चढतानाचं दृश्य यात छान बसतं.

घरी मिठाचं पाणी करून समुद्री प्राणी आणून ठेवू का, असं विचारणारे असतात. नाही. ते इथवर येताना मरतात, आणि काही प्राणी आणणं हा गुन्हाही आहे.

सहावी पायरी: खडकावर

ओहोटीच्या वेळेआधी दीड तास पोचा. उतरत्या पाण्यामागे चालत जा आणि पाणी फिरल्यावर अर्ध्या तासात मागे या. या अर्ध्या तासाचा मोह फार वाईट असतो, कारण सगळ्यात खालचा, सगळ्यात सुंदर पट्टा तेव्हाच समोर असतो. गजर लावा आणि तो वाजला की उठा. परतीची वाट उतरतानाच बघून ठेवा. आधी भरतं ते मागचं खोलगट, आपण उभे असतो तो उंचवटा नंतर. समुद्राकडे पाठ करून बसायचं नाही. एकट्याने जायचं नाही. आणि जागेवर पोचल्यावर तिथल्या कालवं (खडकाला चिकटलेले खाण्याचे शिंपले) काढणाऱ्या बाईला किंवा गळ टाकणाऱ्या माणसाला विचारा, "मावशी, इथे पाणी कुठून आधी येतं?" तक्त्यात हे नसतं.

पाय कोरड्या, उघड्या खडकावर टाका. हिरवं शेवाळ निसरडं असतं, आणि बार्नेकल तर जिवंत असतात. दगड उलटायचा असेल तर हळू उलटा, बघा आणि होता तसाच, त्याच बाजूने परत ठेवा. दगडाखालचे स्पंज आणि अंडी उन्हात काही मिनिटांत वाळतात. हाताला सनस्क्रीन असेल तर हात डबक्यात घालू नका. एका डबक्यातला प्राणी "चांगला दिसेल" म्हणून दुसऱ्यात सोडू नका. मग ते चित्रण खोटं होतं आणि प्राण्याचे हालही होतात.

प्रवाळ, समुद्रघोडे आणि समुद्रकाकड्या यांना 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचं संरक्षण आहे. मेलेला तुकडाही खिशात टाकायचा नाही.

काही शेजाऱ्यांपासून लांब राहा. कोन शंख शंकूसारखा, नक्षीदार आणि हातात घ्यावासा वाटणारा असतो, पण त्याचा विषारी काटा माणसाला भारी पडू शकतो. झोअँथिडच्या काही जातींत पॅलिटॉक्सिन हे जहाल विष असतं. जखम असलेल्या हाताने त्यांना स्पर्श नको आणि डोळ्याला हात तर नकोच. पाकट (शेपटीला विषारी काटा असलेला चपटा मासा) वाळूत लपतं, म्हणून वाळूच्या पाण्यातून जाताना पाय उचलून न टाकता घसटत चला. त्याचा काटा लागलाच तर पाय सोसवेल इतक्या गरम पाण्यात बुडवून ठेवा आणि लगेच डॉक्टर गाठा.

पहिली पंधरा मिनिटं कॅमेरा पिशवीतच राहू द्या. डबक्याच्या काठाशी अशा बाजूला बसा की आपली सावली पाण्यावर पडणार नाही. आपण आल्यावर सगळे लपलेले असतात. थोड्या वेळाने आधी खेकड्याचे डोळे वर येतात, मग काठाचा मासा सरकतो. त्या पंधरा मिनिटांत कोणावर कॅमेरा लावायचा ते ठरतं.

सातवी पायरी: कोणाला कसं टिपायचं

सुरुवात बार्नेकलपासून करा, कारण तो पळत नाही. लहानपणी पाण्यात भटकतो आणि मग डोकं खडकाला कायमचं चिकटवून, पायांनी अन्न ओढत जगतो. डार्विनने 1846 ते 1854 अशी आठ वर्षं बार्नेकलवर घालवली, तेव्हा आपण एक संध्याकाळ द्यायला हरकत नाही. कोरड्या खडकावर तो दार मिटून बसलेला असतो. डबक्याच्या आत बुडालेला शोधा, कॅमेरा त्याच्या पातळीला न्या आणि सेकंदाला 100 किंवा 120 चित्रांचा वेग लावा. पिसांसारखे पाय बाहेर येऊन पाणी झाडतात ते चार-पाच पट संथ झाल्यावर दिसतं. कोरडा आणि बुडालेला असे दोघे शेजारी दाखवलेत की निवेदनाची अर्धी वाक्यं वाचतात.

शंखात राहणारा हर्मिट क्रॅब हा खरा नट. त्याला कवच स्वतःचं नसतं, वाढला की मोठा रिकामा शंख लागतो. काही जातींत चांगला शंख सापडला की खेकडे त्याच्याजवळ लहान-मोठ्या क्रमाने थांबतात, आणि सगळ्यात मोठा आत शिरला की त्याचा सुटलेला शंख पुढचा घेतो. पंढरपूरच्या दर्शनबारीत पुढचा सरकला की मागचे सगळे एकेक पाऊल पुढे येतात, अगदी तसं. हे दृश्य मिळेलच असं नाही, पण दोन खेकडे एकमेकांचे शंख चाचपताना दिसले तर बाकी सगळं सोडून तिथेच थांबा. किनाऱ्यावरचे सुंदर रिकामे शंख उचलू नका, हे सांगायला फिल्ममध्ये याहून चांगली जागा नाही.

समुद्रफुलाचं उलटं आहे: ते इतकं सावकाश वागतं की साध्या चित्रणात चित्रच वाटतं. त्याच्यासाठी टाइमलॅप्स. पाण्याबाहेर राहिलेलं समुद्रफूल मिटून लिबलिबीत गोळा झालेलं असतं. भरतीचं पाणी येऊन त्याला पुन्हा उघडताना टिपायचं, तर कॅमेरा आधीच वरच्या खडकावर घट्ट बांधून ठेवा आणि तुम्ही त्याच्याजवळ, सुरक्षित जागी थांबा.

लिंपेटच्या अनेक जाती चरून झाल्यावर नेमक्या आपल्या जागी परततात. तिथे खडकावर त्यांच्या कडेच्या आकाराचा ठसा असतो. हा विषय एका ओहोटीत होत नाही. मुक्काम असेल तर सकाळी आणि संध्याकाळी त्याच कोनातून तोच खडक टिपा. खुणेसाठी खडकावर रंग लावू नका. जवळच्या भेगा आणि कालवांचे आकार वहीत काढून घ्या.

मासे आणि ऑक्टोपस यांच्या मागे कॅमेरा घेऊन जाऊ नका. ते जिथे परत येतील तिथे कॅमेरा ठेवा. टॉर्च समोरून नको, बाजूने धरा. पाण्यात तरंगणारे कण चमकत नाहीत आणि अंगाचा पोत दिसतो.

डबक्याचं हवामान हाही एक विषय आहे आणि तो फारसा कोणी घेत नाही. उन्हात लहान डबकं समुद्रापेक्षा पुष्कळ तापतं, पाणी उडून खारटपणा वाढतो; पाऊस पडला तर तोच एकदम उतरतो. दिवसा शेवाळ पाण्यात प्राणवायू सोडतं, रात्री तेच शेवाळ प्राण्यांच्या बरोबरीने तो वापरतं, त्यामुळे पहाटे डबक्यात प्राणवायू कमी असतो. समुद्रात थर्मामीटर बुडवून त्याचा आकडा टिपा, मग डबक्यात बुडवून टिपा. त्या दोन दृश्यांवर निवेदन लागत नाही.

आणि एक रुंद दृश्य हवंच: वरच्या कोरड्या काळ्या खडकापासून खाली पाण्यापर्यंत पट्टे कसे बदलतात ते. वर छोटे शंख, मग बार्नेकल, मग कालवं, सगळ्यात खाली शेवाळ आणि स्पंज. यासाठी कॅमेरा पाण्याच्या बाजूला नेऊन खडकाकडे बघा. पाठ समुद्राकडे होते, म्हणून जोडीदाराला समुद्रावर नजर ठेवायला सांगा.

आवाज

नवखे हे विसरतात. पाण्यात बुडणारा मायक्रोफोन उसना मिळाला तर डबक्यात सोडा: भाजताना तडतडावं तसा जो आवाज येतो त्यात पिस्तूल झिंग्यांचा मोठा वाटा असतो. त्यांचा नांगा इतक्या वेगाने मिटतो की पाण्यात बुडबुडा तयार होतो, आणि तो बुडबुडा फुटतानाचा हा आवाज. तसा मायक्रोफोन नसेल तर मोबाइलला वाऱ्यापासून आडोसा करून तीन गोष्टी वेगवेगळ्या ध्वनिमुद्रित करा: लांबची लाट, खडकाच्या भेगेतलं पाणी, आणि दोन मिनिटं नुसती जागा, कोणी न बोलता.

निवेदन घरी, सोलापुरी चादर डोक्यावरून घेऊन बोला. जाड चादर खोलीतला घुमारा खाते. पंखा बंद करावा लागतो, त्यामुळे एप्रिलमध्ये हे काम पहाटे उरका.

परतल्यावर

कॅमेरा, पेटी, तिपाई सगळं गोड्या पाण्यात अर्धा तास भिजत ठेवा, कॅमेऱ्याची बटणं पाण्यातच दाबून मोकळी करा आणि टॉवेलने टिपून सावलीत वाळवा. हे मुक्कामाच्या ठिकाणीच करा. आपल्याकडे नळाला पाणी कधी येईल त्याचा नेम नाही, आणि मीठ तोवर थांबत नाही.

चित्रण त्याच रात्री दोन वेगळ्या ठिकाणी उतरवून ठेवा. प्रत्येक दृश्याच्या नावात तारीख, जागा, तिथी आणि ओहोटीची वेळ लिहा. प्राण्यांची ओळख पटवायला आयनॅचरलिस्ट या निसर्गनोंदींच्या संकेतस्थळावर फोटो टाका, जाणकार मदत करतात. जात पक्की कळली नाही तर निवेदनात "एक समुद्री गोगलगाय" म्हणा. चुकीच्या लॅटिन नावापेक्षा ते बरं. दुर्मिळ प्राणी सापडला तर गाव सांगा, नेमकं डबकं सांगू नका.

पहिली फिल्म पाच मिनिटांच्या आत ठेवा. आवाज बंद करून एकदा बघा: वहीतला प्रश्न आणि त्याचं उत्तर निवेदनाशिवाय कळतं का? जिथे कळत नाही तिथेच वाक्य लिहा. संगीत शेवटी, आणि बहुतेक वेळा लागतच नाही.

भाषेचंही बघा. नावं किनाऱ्यावरची ठेवा, म्हणजे कालवं, पाकट, निवटी (चिखलावर उड्या मारणारा मासा). ती कोकणातल्या माणसाला ऐकू आली की तो तुमच्या चुका आपणहून दुरुस्त करून पाठवतो. आणि सोलापुरात दाखवणार असाल तर तेलुगू आणि कन्नड उपशीर्षकं जोडा. पूर्व भागातल्या एखाद्या मित्राकडून तेलुगू वाचून घ्या, अक्कलकोटकडच्या कोणाकडून कन्नड. प्राण्याचं नाव त्यांच्या भाषेत नसेल तर नवं घडवू नका, एका ओळीत तो काय करतो ते लिहा.